ती. काकांस, खडूच्या रेघेबद्दल

बंगळुरू



पत्रास कारण की, पुढच्या महिन्यात कोर्ट कमिशनर पुन्हा आपल्या घरी येणार आहेत. नोटीस आपल्याला मिळाली असेलच. मिळाली नसेल तर ती दारावर डकवतील, आणि आपल्या दारावर डकवलेला कागद दिवेलागणीपर्यंत टिकत नाही हे मी पाहिलेलं आहे. म्हणून हे पत्र चारचौघांत लिहिते आहे. याची पोच मला नको. वाचणाऱ्यांनी वाचलं म्हणजे पोचलं.

आपली प्रकृती उत्तम आहे हे मागच्या तारखेला पाहून बरं वाटलं. केंपेगौडा रोडच्या सिटी सिव्हिल कोर्टाचे जिने आपण कुणाचा हात न धरता चढलात. त्याआधीच्या तारखेला आपल्याला अंथरुणातून उठवत नाही असं सर्टिफिकेट आपल्या वकिलांनी दिलं होतं. महिन्याभरात एवढा उतार पडला, ही देवाची कृपा. आईला चौऱ्याऐंशी पूर्ण झाली. तिच्या गुडघ्यांवर मात्र अशी कृपा अजून झालेली नाही.

काका, आपले आभार मानायचे राहूनच गेले आहेत. बाबा २००६ मध्ये गेले. तेराव्याची पंगत उठल्यावर आईनं पदर सावरत विचारलं होतं, “भाऊजी, घराचं काय करायचं?” आपण म्हणालात, “वहिनी, घर तुमचंच आहे.” किती मोठं मन! त्या एका वाक्यावर आम्ही दोन वर्षं काढली. चामराजपेटेतल्या त्या घराची किल्ली मागायलासुद्धा आम्हाला संकोच वाटायचा. ज्यानं तुमचंच म्हटलं त्याच्याकडे किल्ली कशी मागायची?

२००८ मध्ये दावा लावला, तेव्हा शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये असं आपणच मला ऐकवलंत. वडीलधाऱ्यांचा सल्ला मोडला, त्याची क्षमा असावी. दुसरी कुठलीही पायरी आपण शिल्लक ठेवली नव्हती.

२०१४ मध्ये प्रिलिमिनरी डिक्री झाली. आजोबांचे दोन मुलगे, दोन समान हिस्से; अर्धं घर तुमचं, अर्धं आईचं आणि माझं. मी पेढे वाटले. तुमच्याकडेही पाठवले होते. डबा परत आला नाही, म्हणजे गोड लागले असावेत. मला तेव्हा वाटलं होतं, संपलं. मी शाळेत गणित शिकवायची. उत्तराखाली दोन रेघा ओढल्या की गणित संपतं, ही माझी समजूत. ती समजूत तुम्ही दूर केलीत, त्याबद्दल मी आपली विद्यार्थिनी म्हणून ऋणी आहे.

हिंदुस्थानातल्या पक्षकाराचे हाल डिक्री हातात पडल्यावर सुरू होतात, असं लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलनं दरभंग्याच्या एका प्रकरणात १८७२ मध्ये नोंदवून ठेवलं आहे. दीडशे वर्षं जुनं वाक्य. तुम्ही ते इतकं ताजं ठेवलंत की आजही आमच्या वकिलीणबाई कुठल्याही नव्या अशिलाला आधी तेच सांगतात.

कायदाही तुमच्यामुळेच वाचला. प्रिलिमिनरी डिक्री किती हे सांगते, कुठलं हे सांगत नाही. अर्धं घर म्हणजे कुठलं अर्धं? त्यासाठी कोर्ट एका माणसाला जागेवर पाठवतं. दिवाणी प्रक्रिया संहितेची ऑर्डर २६, रूल १३. न्यायाधीशांना खुर्ची सोडून चामराजपेटेत येता येत नाही, म्हणून त्यांचे डोळे येतात. कमिशनरनं जागा पाहायची, मोजायची, हिस्से पाडायचे, हद्दी लिहायच्या. एका हिश्शाची किंमत जास्त झाली तर दुसऱ्याला पैसे देऊन बरोबरी करायची. त्याचा अहवाल पुरावा म्हणून धरला जातो. मात्र निकाल त्यानं द्यायचा नसतो. तो फक्त जे आहे ते लिहितो. सगळ्या खटल्यात कोर्ट जमिनीवर उभं राहतं ते एवढ्या एका दिवशी. बाकी सगळे दिवस कागदाचे.

तो एक दिवस कसा वाया घालवायचा, हे तुमच्याकडून शिकावं.

२०१६ मध्ये पहिले कमिशनर आले. एक प्रौढ वकील, सोबत टेप धरायला एक मुलगा. वेळ अकराची होती. दाराला कुलूप होतं. पंधरा दिवस आधी नोटीस मिळूनही तुम्ही सहकुटुंब तिरुपतीला गेला होतात. बालाजीला नेमका तोच दिवस मोकळा असावा. पक्षकार हजर नसला तरी कमिशनरला काम पुढे नेता येतं, कायद्यात तशी सोय आहे. पण कुलपाआड मोजायचं काय? आई समोरच्या घराच्या कट्ट्यावर बसून राहिली. त्या घरच्या मामींनी फिल्टर कॉफी आणून दिली. ज्या घरात ती १९६३ मध्ये माप ओलांडून आली, त्या घराकडे तोंड करून तिनं ती परक्या कट्ट्यावर प्यायली. आणि कमिशनर, भला माणूस, आत जाता येत नाही म्हटल्यावर रस्त्यावर उभं राहून घराचं तोंड वहीत उतरवून घेत राहिले. तब्बल पाऊण तास. मला तेव्हा त्यांचा रागच आला होता. पाऊण तास काय लिहितात, भिंत आणि खिडक्या? त्या कुलपाबद्दल मला पुढे आपले आभार मानायचे आहेत, म्हणून ते इथं सांगून ठेवते.

दुसऱ्या खेपेला तुम्ही दार उघडलंत. अगदी सताड. असा पाहुणचार त्या घरात माझ्या लग्नातही झाला नव्हता. काकूंनी उपीट केलं, वर कॉफी, मग केळी. तुम्ही कमिशनरना प्रत्येक खोलीत नेऊन आजोबांची गोष्ट सांगितलीत. घड्याळ दीडवर आलं. टेप धरणाऱ्या मुलाच्या खांद्यावर हात ठेवून तुम्ही हसत म्हणालात, “स्वल्प अ‍ॅडजस्ट माडी.” बंगळुरूत हे तीन शब्द बसमध्ये चौथ्या माणसाला जागा करून देण्यासाठी वापरतात. आईला जागा न देण्यासाठीही ते वापरता येतात, हे मला त्या दिवशी कळलं.

तरीही त्या मुलानं मोजलं. जवळपास तीस फूट रुंद, नव्वद फूट खोल. आडवे दोन भाग केले तर मागच्या माणसाला रस्ता मिळत नाही, म्हणून कमिशनरनी उभे भाग सुचवले. पंधरा-पंधरा फूट, दोघांनाही रस्त्यावर तोंड. मला इतकं सरळ वाटलं ते. माझ्या पर्समध्ये शाळेचा खडू होता. त्यांनी तो मागून घेतला आणि दाराच्या चौकटीच्या मध्यापासून पडसाळीतून माजघरात, तिथून मागच्या दारापर्यंत, रेड ऑक्साइडच्या फरशीवर रेघ ओढली. काका, ती फरशी तुम्हाला रोजची. मला ती दहा वर्षांनी दिसत होती. आजीनं खोबरेल तेलानं पुसून पुसून तिला आरशासारखी केलेली. तिच्यावरची ती पांढरी रेघ थोडी वाकडी गेली, माजघराच्या उंबऱ्याशी तुटली, पलीकडे पुन्हा सुरू झाली. आई काठी टेकत आली आणि रेघेच्या डाव्या बाजूला उभी राहिली. काही बोलली नाही. पायाच्या अंगठ्यानं तिनं फरशी चाचपली, बस. आठ वर्षांच्या कोर्टकचेरीत कुणीतरी पहिल्यांदा तिला सांगितलं होतं, हे तुमचं.

गडबडीत तिची काठी तिथंच राहिली. दुसऱ्या दिवशी सकाळी मी ती न्यायला आले. काकूंनी दार वीतभर उघडून काठी बाहेर दिली. त्या वीतभर फटीतून मला फरशी दिसली. ओली होती. रेघ नव्हती.

घर स्वच्छ ठेवण्याबद्दल काकूंचे आभार.

मग तुमचं हरकतपत्र आलं. एक्केचाळीस हरकती. एवढा अभ्यास माझ्या एकाही विद्यार्थ्यानं कधी केला नाही. टेप कापडी होता, लोखंडी नव्हता. ओढताना त्याला झोळ पडला. भिंतीची जाडी धरली नाही. देवघराचं पावित्र्य भंगलं. रेघ ओढली तो खडू विरुद्ध पक्षाचा होता. हीसुद्धा एक हरकत होती, क्रमांक बत्तीस. आणि पहिल्या पानावर आपल्या घराण्याचा इतिहास: आपले पूर्वज शहाजीराजांबरोबर इथं आले, सबब ही वास्तू अविभाज्य आहे. काका, शहाजीराजांना बंगळूरची जहागीर मिळाली त्याला पावणेचारशे वर्षं होऊन गेली. चामराजपेट वसवली १८९२ मध्ये. आपलं घर त्यानंतरचं. पणजोबांनी हाताला रंग लावून, कापडं रंगवून पै पै जोडली आणि बांधलं. घराला शहाजीराजांचा आधार द्यायची गरज नव्हती. पणजोबांचा पुरेसा होता, आणि पणजोबा जितके तुमचे तितकेच माझ्या बाबांचे.

तुम्ही म्हणालात, घर तोडता येत नाही. आम्ही म्हटलं, मग १८९३ चा विभाजन कायदा आहे. अर्धा हिस्सा असलेल्यानं मागणी केली तर कोर्ट घर विकून पैसे वाटू शकतं, आणि दुसऱ्याला घर हवंच असेल तर ठरेल त्या किमतीला तो आमचा हिस्सा विकत घेऊ शकतो. तुमचे डोळे भरून आले. वडिलांची वास्तू विकायची? न्यायाधीशांसमोर तुम्ही रुमाल काढलात. वाटून घ्यायचं तर घर एकसंध, विकायचं तर घर पवित्र, विकत घ्या म्हटलं तर घर महाग. भावना आणि हिशेब यांचा असा मेळ मी दुसरीकडे पाहिला नाही.

कमिशनरचा अहवाल कोर्टाला पटला तर ते मंजूर करतं, वाटल्यास बदलतं, आणि रद्द केला तर नवं कमिशन काढू शकतं. हे शेवटचं वाक्य तुम्ही किती प्रेमानं वाचलं असेल! २०१८ मध्ये दुसरं कमिशन आलं, या वेळी मोजणी खात्यातले सर्व्हेअर. त्यांनी फक्त कडा मोजल्या. पहिल्या मोजणीत रुंदी एकोणतीस फूट दहा इंच होती, दुसरीत तीस फूट दोन इंच. चार इंचांचा फरक. जुन्या भिंतीचा गिलावा पकडला की नाही, एवढ्यावर चार इंच इकडे तिकडे होतात, हे सातवीतलं मूल सांगेल. आपण त्या चार इंचांवर चौदा महिने काढलेत. इंचाला साडेतीन महिने. फी भरणारी मी, कारण अर्ज माझा. दिवसभर सर्व्हेअरसाठी खुर्ची आणि छत्री धरणारीही मीच.

मग महामारी आली; तो काळ मी आपल्या खात्यावर टाकत नाही. २०२१ मध्ये फायनल डिक्री झाली. डावा भाग आमचा. रस्त्याकडची डावी खोली, तुळशीकट्टा, अर्धी पडसाळ, अर्धं माजघर, आणि बाबा जिथं अभ्यास करायचे ती मागची खोली. सही-शिक्क्याचा नकाशा, लाल शाईनं रंगवलेला आमचा पट्टा. आईनं तो देवाजवळ ठेवला.

२०२२ मध्ये आम्ही दरखास्त लावली. इथं तिला एक्झिक्युशन म्हणतात आणि बेलिफाला अमीन. तोवर आम्हाला आशा वाटावी असं एक कारण घडलेलं होतं. वर्षभरापूर्वीच, २२ एप्रिल २०२१ रोजी, सर्वोच्च न्यायालयानं राहुल शहा विरुद्ध जिनेंद्रकुमार गांधी या प्रकरणात निकाल दिला. ते भांडणही बंगळुरूचं, मैसूर रोडवरच्या जमिनीचं, आपल्या घरापासून फार लांब नसलेलं. सरन्यायाधीश होते आपले नागपूरचे शरद बोबडे. निवृत्तीच्या आदल्या दिवशीचा तो निकाल, सोबत न्यायमूर्ती नागेश्वर राव आणि रवींद्र भट. डिक्री मिळूनही तिचं फळ हाती न पडणाऱ्या माणसाचं दुःख त्यांनी निकालात लिहिलं. २०१८ च्या अखेरीला देशातल्या खालच्या कोर्टांत ११ लाख ८० हजार २७५ दरखास्ती पडून होत्या, हा आकडाही लिहिला. आणि सांगितलं: जागेचं नेमकं वर्णन आणि स्थिती कळावी म्हणून गरज असेल तिथं सुरुवातीलाच कमिशनर नेमा. डिक्रीत संदिग्ध काही ठेवू नका. तिऱ्हाइताचा दावा आला म्हणून यांत्रिकपणे नोटिसा काढत बसू नका. आणि दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढा. उशीर झाला तर कारण लेखी नोंदवा.

सहा महिने, काका. मी भिंतीवरच्या कॅलेंडरवर खूण केली होती. अशी कॅलेंडरं आता तीन झाली.

२०२३ मध्ये अमीन वॉरंट घेऊन आले, बरोबर दोन पोलिस. ताबा देताना आतल्या माणसानं वाट दिली नाही तर पूर्वसूचना देऊन, पडदा पाळणाऱ्या बाईमाणसाला बाहेर पडायला अवसर देऊन, कुलूप काढायचा आणि दार फोडायचाही अधिकार त्यांना असतो. ऑर्डर २१, रूल ३५. एवढी अदब कायद्यानंसुद्धा सांभाळली आहे. आम्हाला दार फोडायचं नव्हतं. आजोबांचं सागवानी दार आहे ते. आणि फोडायची वेळ आलीच नाही. काकूंना एकदम घाबरं झालं, रुग्णवाहिका बोलवावी लागली, आणि त्या धावपळीत डाव्या खोलीचं शटर वर करून एक तरुण बाहेर आला.

हो, शटर. ज्या खोलीला गजांच्या दोन खिडक्या होत्या, जिथं बसून आजी शेंगा सोलायची, तिथं लोखंडी शटर होतं आणि आत झेरॉक्सचं यंत्र. तो तरुण म्हणजे काकूंचा भाचा. त्याच्या हातात स्टँप पेपरवरचा भाडेकरार होता. तो भाडेकरू, आणि करार २००५ चा.

काकू चार दिवसांत घरी आल्या, त्याचा मला मनापासून आनंद झाला. त्यांच्याशी माझं भांडण नाही.

पण त्या तारखेचं कौतुक करू द्या. २००५ का, २००९ का नाही? कारण दावा लावल्यानंतर तुम्ही कुणाला आणून बसवलं असतं तर त्याला कायद्याचं संरक्षण मिळालं नसतं. त्याच ऑर्डरचा रूल १०२ तसं स्पष्ट म्हणतो. दाव्याआधीचा भाडेकरू म्हटला की त्याला ऐकून घ्यावं लागतं. रूल ९७ खाली चौकशी, पुरावा, उलटतपासणी. त्यासाठी भाच्याला भूतकाळात तीन वर्षं मागं नेलंत. २००५ मध्ये तो शाळेत होता. मला पक्कं ठाऊक आहे, कारण माझ्याच वर्गात होता. अपूर्णांकांत कच्चा होता बिचारा.

दोन वर्षं झाली त्या चौकशीला. असा खोटा अडथळा आणल्याबद्दल कोर्ट खर्च लावू शकतं, म्हणून मी तेही वाचलं. त्याच संहितेचं कलम ३५-अ. खोट्या आणि त्रास देण्यासाठी केलेल्या दाव्याबद्दल जास्तीत जास्त किती भरपाई? तीन हजार रुपये. शून्य विसरलं असेल म्हणून मी पुन्हा वाचलं. तीनच हजार. आम्ही एका मोजणीला त्याहून जास्त फी भरली. तुम्ही त्या शटरचं भाडं महिन्याला त्याहून कितीतरी जास्त घेता, हे भाच्यानंच उलटतपासणीत सांगितलं. अडवून धरणं एवढं स्वस्त असेल तर माणूस का अडवणार नाही? याचा दोष मी तुम्हाला देत नाही. तुम्ही फक्त दर पाहून खरेदी केलीत.

गेल्या ऑक्टोबरात, २०२५ मध्ये, सर्वोच्च न्यायालयानं पुन्हा मोजदाद केली. न्यायमूर्ती पारडीवाला आणि मिथल. मार्चमध्ये त्यांनी सगळ्या उच्च न्यायालयांना सांगितलं होतं की पडलेल्या दरखास्तींची माहिती मागवा आणि सहा महिन्यांत त्या निकाली काढा. हिशेब आला तेव्हा ८ लाख ८२ हजार ५७८ दरखास्ती अजून पडून होत्या. त्यांत सर्वांत मोठा ढीग मुंबई उच्च न्यायालयाच्या हद्दीतला, ३ लाख ४० हजारांच्या वर. म्हणजे कोल्हापूरचे नातेवाईक म्हणतात तसं ‘आमच्याकडे असं नसतं’ हे खरं नाही. त्यांच्याकडेही असंच आहे, जास्तच आहे. मी आपल्या कर्नाटकाचा आकडा शोधत राहिले. तो नव्हता. कर्नाटकाची माहिती आलीच नव्हती, आणि न्यायमूर्तींनी तशी नापसंती नोंदवली होती.

त्या रात्री मी झोपले नाही, काका. सतरा वर्षं आम्ही लढतो आहोत आणि त्या आठ लाख ब्याऐंशी हजारांत आई नाही. पडून राहिलेल्यांच्या यादीतसुद्धा तिला जागा मिळाली नाही. ही व्यथा मी आईला सांगितली नाही. तिला मी एवढंच सांगितलं की नवे कमिशनर येणार आहेत. आता दरखास्तीतही कमिशनर नेमता येतो, ऑर्डर २६ मध्येच तसा नियम १९७६ च्या दुरुस्तीनं घातला आहे. न्यायाधीशांनी त्यांना मोजकी कामं दिली आहेत: शटर किती जुनं आहे, खिडक्यांच्या जागी नवी वीट दिसते का, दुकानाचं विजेचं मीटर कधी बसलं, आणि हे सगळं आधीच्या नोंदींशी जुळवून पाहा.

आधीच्या नोंदी. इथं मला त्या कुलपाकडे परत यायचं आहे.

मोजणी खात्याच्या नकाशात फक्त कडा आहेत. दारं, खिडक्या नाहीत. खडूची रेघ ज्या दिवशी ओढली त्या दिवशीच्या टिपणात आतल्या खोल्या आहेत, बाहेरचं काही नाही. पण २०१६ मध्ये तुम्ही तिरुपतीला गेलात तो दिवस आठवा. कमिशनरना आत जाता आलं नाही. रस्त्यावर उभं राहून ते पाऊण तास लिहीत होते आणि मी मनात चरफडत होते. परवा वकिलीणबाईंनी ते पान शोधून काढलं. निळ्या शाईत, सावकाश अक्षरात लिहिलं आहे: मुख्य दार सागवानी, बंद, कुलूप पितळी. दाराच्या डाव्या हाताला दोन खिडक्या, प्रत्येकी पाच गज, हिरवा रंग उडालेला. खिडकीखाली तुळशीकट्टा, तुळस जिवंत. दर्शनी बाजूला दुकान अथवा शटर नाही. खाली समोरच्या घरच्या मामींची साक्षीदार म्हणून कन्नडमध्ये सही, आणि तारीख.

दार उघडं असतं तर ते आत गेले असते, उपीट खाल्लं असतं, आणि खिडक्यांचे गज कुणीही मोजले नसते.

त्या कुलपाबद्दल मी आपली जन्माची ऋणी आहे. हे मी खरोखर म्हणते. इतक्या वर्षांत तुम्ही आमच्यासाठी केलेलं हे एकमेव काम, आणि ते फार मोठं आहे.

आता काही विनंत्या. कमिशनर सकाळी अकराला येतील. त्या दिवशी कृपा करून तीर्थयात्रा ठेवू नये. उपीट केलंत तरी चालेल, पण आधी मोजणी, मग खाणं. शटरला नवा रंग दिल्याचं मामींनी कळवलं. रंगाच्या आत काय आहे ते कमिशनर खरवडून पाहायला सांगणारच आहेत, तेव्हा दुसरा हात देण्याचा खर्च करू नये. भाच्याला घाबरवू नका. त्याला म्हणावं, बाईंनी सांगितलंय, खरं सांगितलंस तर तुझ्याविरुद्ध मी काही मागणार नाही. अडथळा आणणाऱ्याला तीस दिवसांपर्यंत दिवाणी तुरुंगात ठेवायचीही तरतूद आहे, आणि ते पोर त्यात अडकावं असं मला वाटत नाही. त्याला तिथं उभं कुणी केलं ते मला माहीत आहे.

आणि तुम्हालाही, काका, मी रस्त्यावर काढायला निघालेले नाही. उजवा भाग तुमचा आहे. कोर्टानं तो तुम्हाला दिला तेव्हा मी एकही हरकत घेतली नाही. पंधरा फूट तुमचे, पंधरा आमचे, मधे एक भिंत. बाबा असते तर भिंतसुद्धा नको म्हणाले असते. तुम्ही लहानपणी तापानं फणफणलात तेव्हा त्यांनी तुम्हाला खांद्यावर घालून व्हिक्टोरिया इस्पितळापर्यंत नेलं होतं, हे त्यांनी मला शंभरदा सांगितलं आहे. दावा चालू असताना एकदाही मी ते वर काढलं नाही. आज काढते आहे, कारण यानंतर मोजायला कुणी यायचं नाही.

काकूंना नमस्कार. लहानांना आशीर्वाद.

आपली पुतणी

ता. क. आई या वेळी येणार आहे. समोरच्या कट्ट्यावर ती बसणार नाही. रिक्षा अगदी दाराशी लावू, पण तिला उंबरा ओलांडायला आता वेळ लागतो. तेवढा वेळ दार धरून ठेवावं.